कोल्हापुरीच्या तळाला रबर टिकत नाही: सोल्युशन चुकतंय की कातडं?

नवा_गडी: कोल्हापुरीला खाली ४ मिलिमीटरचा काळा रबरी तळ लावायचाय. पिवळं सोल्युशन दोन्हीकडं लावून ठोकलं, तरी आठवड्यात पंजाकडनं सुटतंय. झटपट गमनं (फेविक्विकसारख्या) तर कडकन मोडतं. कातड्यातल्या तेलानं होतंय का? किती वेळ थांबायचं?

रसायन_कट्टा: आधी सुटलेला जोड बघा, सोल्युशन कुठल्या बाजूला राहिलंय? कातड्याचा भुगा घेऊन रबरावर राहिलं असेल तर सोल्युशननं काम केलंय, कातड्याचा वरचा थर कच्चा होता. दोन्हीकडं थर असून मधनं सुटलं तर वेळ चुकली. रबर कोरं असेल तर दोष रबराचा.

नवा_गडी: रबर एकदम कोरं, चकचकीत. सगळं कातड्यावर.

रसायन_कट्टा: मग कातड्याला बोल लावू नका. ते तळ बहुतेक टीपीआर (तापवलं की वितळणारं, साच्यात ओतलेलं रबर) असणार. कापसावर टोल्युइन (थिनरसारखं द्रावक) घेऊन कोपऱ्यावर घासा: चिकट होऊन काळं कापसाला लागलं तर टीपीआर, नुसतं फुगलं तर पक्कं रबर. पीव्हीसीची शंका असेल तर तांब्याची तार लाल करून तळाला टेकवा, पुन्हा ज्योतीत धरा; हिरवी ज्योत म्हणजे पीव्हीसी. तिथलं जुनं सोल्युशन आधी खरवडा हं, त्यातही क्लोरीन असतं, ते उगाच हिरवं दाखवतं.

टीपीआर तेलकट आणि अध्रुवीय. पिवळं सोल्युशन म्हणजे क्लोरोप्रीन. ते वर बसतं, पण धरायला रासायनिक जागाच मिळत नाही. उपाय असा: १०० मिली इथाइल ॲसिटेटमध्ये २ ग्रॅम टीसीसीए (ट्रायक्लोरोआयसोसायन्युरिक ॲसिड) विरघळवा, काचेच्या भांड्यात. ६० नंबरच्या पॉलिश पेपरनं घासून पुसलेल्या तळावर ब्रशनं एकच पातळ हात द्या, तासभर वाळवा. क्लोरीन रबरातल्या दुहेरी बंधांवर बसतो आणि पृष्ठभाग ध्रुवीय होतो, म्हणजे सोल्युशनला धरायला जागा मिळते. पीव्हीसीत हे बंध नसतात, तिथं हे करणं वाया. द्रावण त्या दिवशीचं त्याच दिवशी संपवा. पाणी, ॲसिड, अमोनिया जवळ आणू नका, विषारी वायू निघतो. हातमोजे घाला, दारं-खिडक्या उघड्या.

त्यानंतर क्लोरोप्रीन नको, पीयू (पॉलियुरेथेनचं सोल्युशन) घ्या, वजनाच्या ५ टक्के हार्डनर मिसळून. मिसळलेलं दोनेक तासांत वापरा. वाळल्यावर हेअर ड्रायरनं ६०–७० अंशांना तापवून लगेच दाबा. पीव्हीसीलाही पीयूच, कारण त्यातलं मऊ करणारं तेल पिवळ्या सोल्युशनमध्ये उतरून त्याचा लगदा करतं.

चामडं_चर्चा: तळाचं पटलं, पण कातडंही अगदी निर्दोष नाही. बाभळीच्या सालीनं, हिरड्यानं कमावलेलं कातडं आम्लधर्मी असतं. झटपट गम पृष्ठभागावरच्या किंचित अल्कधर्मी ओलाव्यानं घट्ट होतो; आम्लावर तो रेंगाळतो आणि घट्ट झाला तरी ठिसूळच. चालताना वाकणाऱ्या जोडाला तो कशाला हवा?

कातड्याचा तळाकडचा भाग तंतू उभे राहीपर्यंत घासा, धूळ झटका, पुसा. पीयूचा पहिला हात पातळ. तो कातड्यात मुरतो, म्हणून १०–१५ मिनिटांनी दुसरा. बोटाला लागत नाही पण किंचित ओढ जाणवते, ती तापवून दाबायची वेळ. तळाला दुसरा हात लागत नाही, रबर पीत नाही.

आपल्याकडं जून ते सप्टेंबर हे काम उघड्यावर करू नका. द्रावक उडताना पृष्ठभाग गार पडतो, हवेतलं पाणी त्यावर जमतं आणि पांढरट साय येते. तशात दाबलं की जोड मधनंच सुटतो. साय दिसली तर ड्रायरनं घालवा, मगच दाबा. हार्डनरही ओलाव्याशी झटतो, बुडबुडे सुटतात, म्हणून डबा उघडा ठेवू नका.

नवा_गडी: ठोकायचं किती?

चामडं_चर्चा: पंजापासून टाचेकडं, मधनं कडेला, हवा बाहेर काढत. जोर महत्त्वाचा, वेळ नाही. नंतर २४ तास पायात नको. आणि टोकाला, जिथनं सुटतंय तिथं, चामड्याच्या वादीचे चार टाके घाला. पारंपरिक जोड मुळात शिलाईवरच असतो, वाकण्याचा ताण तीच झेलते. सोल्युशननं कडा नीट बसल्या की पुरे.