ग्रीक शोकांतिका आजच्या प्रेक्षकापर्यंत पोहोचते का?

प्रश्न
आमच्या नाट्यवाचन गटात प्राचीन ग्रीक नाटककार युरिपिडीसचे ‘ट्रोजन विमेन’ वाचण्याचा विचार चालू आहे. ग्रीकांनी ट्रॉय नगर जिंकल्यावर उरलेल्या तिथल्या राजस्त्रिया आपण कोणत्या ग्रीक सरदाराच्या वाट्याला जाणार याची वाट पाहत विलाप करतात, एवढेच त्याचे कथानक. ज्यांना ट्रॉयचा राजपुत्र हेक्टर किंवा समुद्रदेव पोसायडन ठाऊक नाही, अशा श्रोत्यांना ते भिडेल का?

प्रतिसाद १
नक्कीच भिडेल. इ.स.पू. ४१६ मध्ये अथेन्सने तटस्थ राहू पाहणाऱ्या मेलोस बेटाला वेढा घातला आणि ते शरण आल्यावर तेथील पुरुषांची कत्तल करून स्त्रिया व मुलांना गुलाम म्हणून विकले. पुढच्याच वर्षी त्याच अथेन्सच्या नागरिकांसमोर हे नाटक झाले. त्यात मेलोसचे नाव कुठेही नाही. पण हेक्टरचा लहानगा मुलगा मोठेपणी सूड उगवेल या भीतीने त्याला तटावरून फेकून देतात आणि त्याची आजी, ट्रॉयची राणी हेक्युबा बापाच्याच ढालीवर त्याचे कलेवर सजवते, तो प्रसंग समजण्यासाठी देवांची वंशावळ पाठ असावी लागत नाही. २०१३ मध्ये जॉर्डनमधील अम्मान येथे सीरियातून परागंदा झालेल्या स्त्रियांनी याच नाटकात स्वतःच्या आठवणी गुंफून प्रयोग केला होता.

प्रतिसाद २
सहमत आहे, मात्र अशा नाटकांना सरसकट ‘कालातीत’ म्हणणे मला पटत नाही. अथेन्समध्ये या स्त्रियांच्या भूमिका मुखवटे घातलेले पुरुष करीत आणि स्त्रियांना राजकीय अधिकार नव्हते. नाटकाला अर्थ येतो तो ते कोण, कोणापुढे करतो त्यावरून. दक्षिण आफ्रिकेतील रॉबेन बेटावरील तुरुंगात कैद्यांनी ‘अँटिगनी’ ही दुसरी ग्रीक शोकांतिका केली, तेव्हा नेल्सन मंडेला यांनी क्रेऑन या राजाची भूमिका केली होती. वर्णद्वेषी सत्तेने डांबलेला माणूस हट्टी सत्ताधाऱ्याचे संवाद म्हणतो, तेव्हा तो प्रयोग त्या तुरुंगाबद्दलच बोलू लागतो.

प्रतिसाद ३
वाचनासाठी एक आग्रहाची सूचना. लांबी कमी करताना बहुतेक जण हेलेन (जिच्यामुळे हे युद्ध पेटले ती स्पार्टाची राणी) आणि हेक्युबा यांचा वाद गाळतात. तो कृपया पूर्ण ठेवावा. हेलेन सारा दोष देवांवर ढकलते, हेक्युबा तिचा एकेक मुद्दा खोडून काढते आणि हेलेनचा नवरा मेनेलाउस तिला मायदेशी नेऊन ठार मारण्याचे वचन देतो. हेलेन पुढे स्पार्टात राणी म्हणूनच सुखाने नांदली, हे होमरचे ‘ओडिसी’ महाकाव्य ऐकलेल्या प्रत्येक अथेनियन प्रेक्षकाला ठाऊक होते. आपल्या श्रोत्यांना वाचनापूर्वी तेवढे एक वाक्य सांगितले, तरी वादात जिंकूनही हेक्युबाच्या हाती काहीच का लागत नाही, हे त्यांना कळेल.