करमाळ्यातल्या जमिनीची जाहीर नोटीस: कुठल्या पेपरात द्यावी?

पिंपरीकर_मूळचा_करमाळ्याचा

नमस्कार मंडळी. करमाळा तालुक्यातली सामायिक गटातली थोडी जमीन चुलतभावाकडून खरेदी करतोय. सातबाऱ्यावर आजोबांच्या काळातली बरीच नावं आहेत. त्यातली काही माणसं आता हयात नाहीत आणि वारस पांगलेत. आत्याचं घर परांड्याला, एक शाखा डोंबिवलीत, आम्ही पिंपरीत. वकील म्हणाले, दोन पेपरांत जाहीर नोटीस द्या, हरकतीला 15 दिवसांची मुदत ठेवा. कुठल्या पेपरांत विचारलं तर, "कुठलेही चालतील, एक जरा मोठा बघा."

जाहिरात एजन्सीवाल्याने तीन पर्याय दिले: इंग्रजी राष्ट्रीय दैनिकाची पुणे आवृत्ती, एका मराठी दैनिकाचं 'ऑल महाराष्ट्र', नाहीतर सोलापूर जिल्ह्यापुरतं पॅकेज. दरांत जमीन-अस्मानाचा फरक. ऑल महाराष्ट्र दिलं तर माझी नोटीस गडचिरोलीत कोण वाचणार? आणि फक्त सोलापूर दिलं तर डोंबिवलीच्या भावाला कळणार कसं? पेपर लाइनमधलं कुणी असेल तर सांगा.

बांधावरचा_माणूस

इंग्रजीत टाका. गावात कोणी वाचत नाही, हरकत येत नाही, काम फत्ते. आमच्याकडे सगळे हेच करतात.

रात्रपाळी

वरच्या भाऊंचं ऐकू नका. हरकत यायचीच असेल तर ती खरेदीखताच्या आधी आलेली बरी. नंतर आली की दिवाणी कोर्टात तारखा मोजत बसाल.

मी जिल्हा डेस्कवर उपसंपादक होतो, निवृत्त होईपर्यंत. तुमच्या एजन्सीवाल्याने नीट सांगितलं नाही म्हणून सांगतो. अमुक पेपर मोठा की तमुक, हे विचारूच नका. त्या पेपरची कुठली आवृत्ती करमाळ्याच्या स्टँडवर पहाटे उतरते, एवढं विचारा. एका नावाखाली आम्ही एका रात्रीत कितीतरी पेपर काढायचो. पहिलं पान आणि अग्रलेखाचं पान जवळपास सारखं, आतली पानं मात्र प्रत्येक आवृत्तीला निराळी. लांबच्या तालुक्यांची डाक आवृत्ती दहा-साडेदहाला सोडावीच लागे, कारण गाडीला पल्ला मोठा. शहराची आवृत्ती एक-दीडपर्यंत ताणता यायची. दिवस-रात्रीची क्रिकेट मॅच असली की तालुक्याचा वाचक सकाळी अर्धाच स्कोअर वाचायचा आणि वार्ताहराला फोन करून आमचा उद्धार करायचा. जाहिरातींचंही तेच. 'सोलापूर जिल्हा' म्हणून बुक केलेली नोटीस पुण्याच्या अंकात शोधून सापडत नाही, आणि पिंपरीत तुमच्या दारात पडतो तो अंक करमाळ्यात जातच नाही.

राष्ट्रीय म्हणतात त्या इंग्रजी पेपरांची कथाही फार वेगळी नाही. टाइम्स ऑफ इंडिया 1838 मध्ये मुंबईत निघाला, द हिंदू 1878 मध्ये मद्रासला, ट्रिब्यून 1881 मध्ये लाहोरला. सगळे मुळात शहराचे पेपर. पुढे गावोगावी छपाई सुरू झाली आणि नावं देशभर गेली, पण तुमची पुणे आवृत्तीतली नोटीस पुण्यातच राहते. आपल्याकडे सकाळ 1932 मध्ये पुण्यात सुरू झाला, लोकमत दैनिक म्हणून 1971 मध्ये नागपुरात, पुढारी कोल्हापूरचा. आज हे बऱ्याच ठिकाणी पोचलेत, तरी ज्याचं मूळ जिथे, तिथल्या गल्लीबोळात तो जास्त मुरलेला असतो. नुसत्या नावावर तर जाऊच नका. तरुण भारत नागपूरचा वेगळा आणि बेळगावचा वेगळा, मालक वेगळे, प्रदेश वेगळा. पावतीवर नुसतं 'तरुण भारत' लिहून घेतलं तर कुठल्या अंकात आली म्हणून सांगणार?

ओळखायची सोपी खूण सांगतो. शेवटच्या पानाच्या तळाला बारीक टायपात एक ओळ असते, 'मुद्रक व प्रकाशक अमुक यांनी तमुक ठिकाणी छापून येथून प्रसिद्ध केले', पुढे संपादकाचं नाव आणि 'पीआरबी कायद्यानुसार बातम्यांच्या निवडीची जबाबदारी' वगैरे. वाचक ती कधी वाचत नाही, डेस्कवर मात्र ती चुकली की धाबं दणाणायचं. 1867 च्या याच पीआरबी कायद्यापासून, म्हणजे छापखाने आणि पुस्तक नोंदणीच्या कायद्यापासून, ती सक्तीची. आता 2023 चा नवा कायदा आलाय, 1 मार्च 2024 पासून लागू आहे, पण ओळ कुठे गेली नाही. करमाळ्यातल्या कोणाला तरी तिथे मिळणाऱ्या दोन-तीन पेपरांच्या त्या ओळीचा आणि पहिल्या पानावरच्या आवृत्तीच्या नावाचा फोटो पाठवायला सांगा. एजन्सीच्या रेटकार्डापेक्षा त्यातून जास्त कळेल.

एक गोष्ट मात्र टाळा. 'आमचं साप्ताहिक आहे, निम्म्यात करून देतो' म्हणणारे भेटतील. त्यातले काही प्रामाणिक असतात, तालुक्याच्या बातम्या त्यांच्याइतक्या आम्हालाही मिळायच्या नाहीत. पण काही निव्वळ फाइल कॉपीवाले. नोटिशी आणि टेंडरं छापायची, मोजक्या प्रती काढायच्या, दोन तुम्हाला आणि बाकीच्या कपाटात. चहाच्या टपरीवर तो अंक दिसतो का बघा. दिसत नसेल तर पैसे पाण्यात.

काळा_कोट

वकिलीच्या बाजूने थोडं. खाजगी खरेदीपूर्वी पेपरात नोटीस दिलीच पाहिजे असा कायदा नाही. आपण खबरदारी म्हणून देतो. नोटिशीने कोणाचा हिस्सा बुडतही नाही, विशेषतः अज्ञान (अल्पवयीन) वारसाचा. त्यामुळे 'मुदतीत हरकत न आल्यास हक्क सोडला असे समजले जाईल' या वाक्यावर फार विसंबू नका. फेरफार जुन्यापासून काढा, वारसनोंदी बघा, शक्य त्या सगळ्यांच्या संमतीच्या सह्या घ्या.

बाकी रात्रपाळी साहेब म्हणतात ते कायद्याच्या भाषेतही आहे. भूसंपादनाच्या 2013 च्या कायद्यात प्राथमिक अधिसूचना त्या परिसरात खपणाऱ्या दोन दैनिकांत, त्यातलं एक प्रादेशिक भाषेतलं, असं आहे. बँक घराचा ताबा घेते तेव्हाच्या नोटिशीलाही दोन पेपर लागतात, पैकी एक स्थानिक भाषेतला आणि त्या भागात पुरेसा खप असलेला. आणि दिवाणी प्रक्रिया संहितेत, समन्स साधेपणी बजावता येत नसेल तर पेपरातून देताना, तो पेपर प्रतिवादी शेवटी जिथे राहत होता किंवा धंदा करत होता तिथे खपणारा हवा. म्हणजे तिथे माणूस कुठे आहे ते बघतात, जमीन कुठे आहे ते नाही. तुमची केस कोर्टाची नाही, पण धडा तोच घ्या.

पिंपरीकर_मूळचा_करमाळ्याचा

दोघांचे आभार. मग हिशेब असा होतो का: एक सोलापूर आवृत्ती जमिनीसाठी आणि दुसरी मुंबई-ठाण्याची डोंबिवलीसाठी? परांड्याचं काय? ते धाराशिव जिल्ह्यात येतं, करमाळ्याहून फार लांब नसलं तरी.

रात्रपाळी

बरोबर चाललात. परांड्याच्या बाबतीत नकाशावर जाऊ नका. सीमेवरच्या तालुक्यात पेपर जिल्ह्याची हद्द बघून येत नाही, ज्या रस्त्याने गाडी सोयीची पडते तिथून येतो. आत्याच्या घरी रोज कुठला पेपर येतो ते फोन करून विचारा. सोलापुरात छापलेला येत असेल तर एकाच नोटिशीत दोन्ही तालुके उरकतील.

डोंबिवलीसाठी मराठी पेपरची मुंबई आवृत्ती घ्या, मात्र नोटीस मुख्य अंकात येणार की ठाण्याच्या पुरवणीत, आणि ती पुरवणी डोंबिवलीत जाते का, हे लेखी घ्या. 'मुंबई पॅकेज' या दोन शब्दांत कल्याणपासून वसईपर्यंत काहीही बसवतात. खरं सांगू का, डोंबिवलीच्या भावाला मी आधी स्पीड पोस्टानेच कळवीन. पत्ता माहीत असलेल्या माणसासाठी पेपर कशाला? पेपर ठेवा तो ज्यांचा पत्ता लागत नाही त्यांच्यासाठी.

मजकुरात गाव, तालुका, गट नंबर, क्षेत्र आणि सातबाऱ्यावरची जुनी नावं पूर्ण घाला. 'कै. अमुक यांचे वारस' असं आजोबांच्या पिढीचं नाव दिसलं की चुलते-पुतणे थांबून वाचतात, नुसत्या गट नंबरावर कोणाची नजर ठरत नाही. छापण्यापूर्वी प्रूफ मागा आणि आकडे सातबारा शेजारी ठेवून स्वतः तपासा, कंपोझिंगमध्ये 4 चा 8 सहज होतो. छापून आल्यावर नुसतं कात्रण कापून ठेवू नका. पेपरचं नाव, तारीख आणि आवृत्ती दिसेल असा पूर्ण अंक हवा. एजन्सी व्हाउचर कॉपी, म्हणजे जाहिरात छापल्याच्या पुराव्याचा अंक, देते, ती दोन्ही पेपरांची मागून घ्या.

26 जानेवारी किंवा 15 ऑगस्टच्या आसपास देणार असाल तर दुसऱ्या दिवशी बहुतेक पेपरांचा अंक नसतो, तारीख ठरवताना ते बघा.

पिंपरीकर_मूळचा_करमाळ्याचा

आत्याला फोन केला. त्यांच्याकडे सोलापूर आवृत्तीच येते, आणि पेपर आधी शेजारचे गुरुजी वाचतात म्हणे. एजन्सीला दोन आवृत्त्यांचा दर लेखी मागितलाय, पुरवणीचा खुलासाही. डोंबिवलीला स्पीड पोस्टाने पत्र उद्या टाकतो.

बांधावरचा_माणूस

एवढा खटाटोप? बरं, हरकत आली तर इथे कळवा.