हिंदी पिक्चरमधल्या नटी शशिकला खरंच आपल्या सोलापूरच्या होत्या का?

बाळीवेसकर: काल आजी शेंगाचटणी कुटत टीव्ही बघत होती, गुमराह पिक्चर लागलेला, आणि शशिकला माला सिन्हाला ब्लॅकमेल करायला आली की आजी बत्ता आपटून म्हणे, आली बघ अवदसा, पण आपल्या सोलापूरची हाय हां. खरं का वो?

कडकभाकरी: शंभर टक्के. जन्म १९३२, सोलापूर, माहेरचं आडनाव जवळकर. पाच-सहा वर्षांची असल्यापासून जिल्ह्यात गावोगावी स्टेजवर नाचायची, गायची. घरचा धंदा बसला आणि सगळे मुंबईला गेले, तिथं गायिका-नटी नूरजहाँनं तिला हेरलं आणि १९४५ च्या झीनत पिक्चरमधल्या बायकांच्या कव्वालीत उभं केलं, पैसे मिळाले २५ रुपये!

पेठेतला: ब्लॅकमेलवाली एवढीच ओळख धरू नका राव. अनुपमा बघा, केवढी हसरी, बडबडी पोरगी, माझ्या मते तोच तिचा बेस्ट रोल. फिल्मफेअर मात्र आरती आणि गुमराहला, म्हणजे खाष्टपणालाच.

बाळीवेसकर: मग नाचाचं काय झालं पुढं?

कडकभाकरी: नाचानं दार उघडलं, नाव झालं ते तिरक्या नजरेनं. मध्येच सगळं सोडून कलकत्त्याला मदर तेरेसांकडं सेवा करायला गेली होती, परत येऊन सिरियलीपण केल्या. २००७ ला पद्मश्री, २०२१ ला गेल्या.

बाळीवेसकर: आजीला वाचून दाखवलं. म्हणे २५ रुपयात तेव्हा तोळाभर सोनं तरी आलं असतं का रे?