फलटणचं कमला निंबकर बालभवन - मुलगी पहिलीत जाणार, माहिती हवी आहे

पिंपरीची_आई

नमस्कार मंडळी. मिस्टरांची बदली फलटणला झालीये, मे महिन्यात सगळं बिऱ्हाड हलवायचंय. मुलगी साडेपाच वर्षांची आहे, जूनमध्ये पहिलीत जाईल. तिकडच्या एका ओळखीच्यांनी कमला निंबकर बालभवनचं नाव सुचवलं, मराठी माध्यमाची छोटी शाळा आहे आणि मुलांना जीव लावतात असं म्हणाले. मला शाळेचा इतिहास, सोयीसुविधा कशा बघायच्या, शिकवायची पद्धत, जे माहीत असेल ते सांगा प्लीज.

का विचारतेय ते पण सांगते. आम्ही दोघं नोकरी करणारे, त्यामुळे मुलगी जवळजवळ पूर्णपणे सासूबाईंजवळ वाढली. त्या माळशिरसकडच्या, त्यांच्या तोंडी व्हय, न्हाई, कशापायी, हितं, तितं हेच. तेच मुलीच्या तोंडात बसलंय आणि आम्हाला ते गोड वाटायचं. सिनियर केजीत एकदा मॅडमनी काहीतरी विचारलं आणि ती पटकन "व्हय" म्हणाली तर सगळा वर्ग हसला, मॅडम पण हसल्या. नंतर पालक सभेत मला बाजूला घेऊन सांगितलं की घरी जरा प्रॉपर लँग्वेज वापरा. एका वर्गात पंचेचाळीस मुलं, त्यांची पण ओढाताण होत असेल, मला मान्य आहे. पण त्यानंतर मुलगी शाळेत बोलायचीच बंद झाली. आणि महिनाभरापूर्वी सकाळी बूट घालता घालता सासूबाईंना म्हणाली, "आजी तू नको येऊ सोडायला, बाबाच येऊदे." सासूबाई काही बोलल्या नाहीत, नुसत्या आत निघून गेल्या. तेव्हापासून माझ्या डोक्यातून ते जातच नाहीये.

घरात दोन मतं आहेत. माझे वडील म्हणतात आजकाल मराठी माध्यमात कोण घालतं, पुढे अडेल. त्यावर पण बोला.

फलटणकर_७२

ताई, तुमची पोस्ट वाचून राहवलं नाही म्हणून लगेच लिहितोय. तुम्ही जे सांगितलंत ना त्याच गोष्टीतून ही शाळा उभी राहिलीये, म्हणून इतिहास जरा सविस्तर सांगतो.

शाळेला ज्यांचं नाव आहे त्या कमलाबाई निंबकर जन्माने अमेरिकन, माहेरचं नाव एलिझाबेथ लुंडी. लग्नानंतर इथल्याच झाल्या. भारतात ऑक्युपेशनल थेरपी हा विषय त्यांनी आणला, १९५० साली मुंबईला केईएम हॉस्पिटलात त्याचं पहिलं ट्रेनिंग स्कूल काढलं. अपघात झालेला, लकवा मारलेला माणूस परत स्वतःच्या हाताने जेवू शकला पाहिजे, बटणं लावू शकला पाहिजे, असं ते काम. त्यांचे चिरंजीव बनबिहारी म्हणजे बॉन निंबकर फलटणला शेती करायला आले आणि १९६८ ला इथे शेती संशोधन संस्था काढली, जुळी कोकरं देणाऱ्या मेंढ्यांवर त्यांचं मोठं काम आहे, आमच्या भागातल्या धनगर मंडळींना नीट माहितीये. सूनबाई जाई निंबकर लेखिका, इरावती कर्व्यांची मुलगी.

आता शाळा काढली कोणी तर मॅक्सीन बर्नसन यांनी, त्यांना सगळे मॅक्सीनमावशी म्हणतात. त्यासुद्धा मूळच्या अमेरिकेच्याच. १९६१ ला भारतात आल्या, आधी हैदराबादला कॉलेजात शिकवलं, मग भाषाशास्त्रात पीएचडी करायला घेतली आणि विषय कुठला तर फलटणच्या लोकांची बोली! म्हणजे गावात कोण कसं बोलतं, कुठल्या आळीत काय म्हणतात, शिकलेला माणूस कसा बोलतो आणि न शिकलेला कसा, याचा अभ्यास. तुम्ही विचार करा, आपल्याकडे ज्या बोलीला लोक गावंढळ म्हणून नाकं मुरडतात ती ऐकायला एक बाई सातासमुद्रापलीकडून आली आणि वह्या भरभरून लिहून घेत बसली. पुढे इथेच राहिल्या, १९७८ मध्ये भारताचं नागरिकत्व घेतलं.

त्यांच्या लक्षात आलं की दलित वस्तीतली पोरं शाळेत नाव घातलेलं असूनही वाचू शकत नाहीत. तेव्हा आधी त्यांनी त्या मुलांचे साधे वाचनवर्ग घेतले, मग १९८४ ला प्रगत शिक्षण संस्था काढली आणि १९८६ ला बालभवन सुरू झालं. माध्यम मराठी, पहिल्यापासून. त्या स्वतः इंग्रजी मातृभाषेच्या, फाडफाड इंग्रजी शाळा काढली असती तर लाइन लागली असती दारात. पण नाही काढली. नंतर डॉ. मंजिरी निंबकर यांनी शाळेची धुरा सांभाळली. डॉक्टरांची, नोकरदारांची आणि मजुरांची मुलं एका बाकावर बसावीत हा आग्रह सुरुवातीपासून होता, आणि आमच्यासारख्या तालुक्याच्या गावात, जिथे आडनाव ऐकून लोक जात काढतात, तिथे ही साधी गोष्ट नाहीये.

तुमच्या मुलीचं "व्हय" तिथे कुणाला नवीन नाही, एवढं मी छातीठोक सांगतो.

झेडपीचा_मास्तर

मी बालभवनचा नाही, जिल्हा परिषदेच्या शाळेवर आहे, दुशिक्षकी शाळा. पण प्रगत शिक्षण संस्थेच्या वाचन पद्धतीवर एक ट्रेनिंग केलं होतं आणि त्यानंतर माझी पहिलीचा वर्ग शिकवायची रीत बदलली ती कायमची, म्हणून पद्धतीबद्दल मी लिहितो.

आपण सगळे कसे शिकलो? अननसाचा अ, आईचा आ, मग ज्ञ पर्यंत सगळी मुळाक्षरं, मग बाराखडी, मग कुठे शब्द. दिवाळी येते तरी पोराला एक धड वाक्य वाचता येत नाही, आणि तोवर त्याचा रस गेलेला असतो. यांच्या पद्धतीत अक्षरं ओळीने घेत नाहीत, थोडी अक्षरं आणि लगेच एखादी मात्रा असा छोटा गट घेतात म्हणजे मूल पहिल्या काही आठवड्यांतच खरे शब्द वाचायला लागतं. आता बघा, क म ल र आणि काना एवढंच आलं तरी काका, मामा, राम, काम, लाल, कमल, कमाल, मार एवढं सगळं वाचता येतं. मूल म्हणतं अरे मला वाचता येतंय! हे एकदा झालं की पुढचं ढकलावं लागत नाही.

आणि दुसरी गोष्ट, जी मला जास्त महत्त्वाची वाटते, मूल जे बोलतं तेच लिहून त्यालाच वाचायला द्यायचं. माझ्या वर्गात एक पोरगं होतं, आईबाप ऊसतोडीला जाणारे, पोरगं आजोबांजवळ. जूनभर तोंड उघडलं नाही त्यानं. एक दिवस आपणहून जवळ येऊन म्हणाला, "सर आमची शेळी याली. दोन पिल्लं झाली. एक मेलं." मी फळ्यावर जसंच्या तसं लिहिलं. "याली" असंच. त्याला वाचून दाखवलं, एकेका शब्दाखाली बोट फिरवत. दुसऱ्या दिवशी मी यायच्या आधी तो येऊन बसलेला, खडूने लिहिलेलं अजून तसंच होतं, आणि शेजारच्या पोराला सांगत होता, "ही बघ माझी शेळी", आणि बोट बरोबर शेळी या शब्दावर. चार दिवसांनी मी "याली" च्या शेजारी "व्याली" लिहिलं आणि सांगितलं, पुस्तकात असं लिहितात. पुसलं नाही आधीचं. त्यानं दोन्ही वाचलं आणि म्हणाला म्हंजी शेळीला दोन शब्द हायत.

त्यामुळे ताई, प्रमाण भाषा शिकवायची नाही असा याचा अर्थ कुणी काढू नये. शिकवायचीच. फक्त घरची खोडून तिच्या जागी नाही, घरचीच्या शेजारी.

रंकाळा

मी कोल्हापूरचा. आमची थोरली सृजन आनंद मध्ये होती, लीलाताई पाटलांची शाळा, १९८५ ची म्हणजे बालभवनच्या साधारण बरोबरीचीच. लीलाताई म्हणजे ना. सी. फडक्यांच्या कन्या, शिक्षक घडवणाऱ्या कॉलेजात आयुष्य गेलं आणि निवृत्त झाल्यावर आराम करायचा सोडून प्राथमिक शाळा काढली. २०२० ला गेल्या. पुण्यात अक्षरनंदन १९९२ चं. ही सगळी मराठी माध्यमाची, कमी पटाची, पहिला-दुसरा नंबर न काढणारी शाळांची एक पिढीच आहे. आत्ता पालक म्हणून मागे वळून बघताना जे कळतं ते सांगतो.

सुविधांचं विचारलंत. छोट्या शाळेत लिफ्ट, एसी, डिजिटल बोर्ड शोधायला जाऊ नका. मी काय बघतो ते सांगतो. पुस्तकं मुलांच्या हाताला लागतील अशी ठेवलीत का काचेच्या कपाटात कुलूप लावून, आणि पुस्तकं वापरून मळलेली, कोपरे दुमडलेले असतील तर फार चांगलं. संडासात पाणी आहे का आणि मुलींच्या संडासाला आतून कडी लागते का, हे स्वतः जाऊन बघा, विचारू नका. मैदानावर मुलं खरंच असतात का. भिंतीवर लावलेली चित्रं मुलांनी काढलेली आहेत का बाईंनी, हे लगेच कळतं, मुलांच्या चित्रात माणूस घरापेक्षा मोठा असतो. आणि वर्गाच्या दारात पाच मिनिटं उभं राहा, मुलं बाईंना प्रश्न विचारताना ऐकू येतात का बघा. कायद्याने पहिली ते पाचवीला तीस मुलांमागे एक शिक्षक हवा, आरटीईत म्हणजे शिक्षण हक्क कायद्यात स्पष्ट आहे, पटसंख्या विचारायला अजिबात लाजू नका. शाळेचा अकरा आकडी यूडायस नंबर पण टिपून घ्या, पुढे दाखला बदलताना लागतो.

आणखी एक. अशा शाळा पैशाने कायम ओढग्रस्त असतात. फी कमी ठेवायची आणि शिक्षकांना धड पगार पण द्यायचा, हे गणित जमवताना चालवणाऱ्यांची दमछाक होते, चांगल्या ताई मध्येच सोडून गेल्या तर मुलं हिरमुसतात. आमच्याकडे पालकांना कामाला यावं लागायचं, मी स्वतः सुट्टीच्या दिवशी जाऊन शेल्फं ठोकलीत. नुसती फी भरून मोकळं व्हायचं असेल तर नका जाऊ. वेळ द्यायची तयारी असेल तर मात्र यासारखं दुसरं काही नाही, माझी मुलगी आज सव्वीस वर्षांची आहे आणि अजून तिच्या पहिलीच्या ताईंना दिवाळीचा फराळ नेऊन देते.

इंजिनिअर_नाशिक

सगळे चांगलंच लिहितायत, पण ताईंच्या वडिलांची काळजी पण खरी आहे म्हणून दुसरी बाजू लिहितो. मी अशाच एका छोट्या मराठी शाळेतून दहावी झालो, नाव नको. शाळेने मला भरपूर दिलं, वाचनाची सवय, चार लोकांसमोर उभं राहून बोलायची हिंमत. पण अकरावी सायन्सला कॉलेजात गेलो आणि पहिले तीन महिने भयानक गेले. त्वरण म्हणजे ॲक्सिलरेशन, विस्थापन म्हणजे डिस्प्लेसमेंट, कन्सेप्ट सगळे माहीत पण शब्द ओळखीचा नाही, सर फळ्यावर भरभर लिहून पुसायचे आणि मी अर्ध्यातच. एकशे वीस मुलांचा वर्ग, शंका विचारायची कुणाला? घरी येऊन रात्री रडलोय. आमच्या शाळेने आम्हाला त्यासाठी तयार करायला हवं होतं, ते केलं नाही, हे मी आजही म्हणतो.

सहामाहीपर्यंत गाडी रुळावर आली, कारण विषय मराठीत पक्का कळलेला होता, फक्त लेबलं बदलायची होती. तरी सांगतो, जिथे प्रवेश घ्याल तिथे थेट विचारा की आठवी ते दहावी विज्ञान गणिताच्या इंग्रजी संज्ञा शेजारी देता का, आणि इंग्रजी विषय कोण शिकवतं, नुसतं व्याकरण घोकून घेतात का मुलं बोलतात पण.

फलटणकर_७२

इंजिनिअर साहेबांचं बरोबर आहे, हा प्रश्न विचारलाच पाहिजे. फक्त पालकांचा एक गैरसमज असतो तो दूर करतो, मराठी माध्यम म्हणजे इंग्रजी पाचवीपासून हे जुनं झालं. २००० सालापासून महाराष्ट्रात सगळ्याच शाळांत पहिलीपासून इंग्रजी विषय आहे. ताई तुमच्या वडिलांना हे सांगा, बऱ्याच आजोबा लोकांच्या डोक्यात अजून त्यांच्या वेळचंच चित्र असतं.

आणि मुलीला घेऊन जा शाळा बघायला. एकटे जाऊ नका.

झेडपीचा_मास्तर

+१. आणि तोवर घरी एक करून बघा ताई. रोज रात्री मुलीला विचारा आज काय झालं, ती जे सांगेल त्यातलं एक वाक्य मोठ्या अक्षरात कागदावर लिहा, तिच्या शब्दांत, काही दुरुस्त न करता. वाचून दाखवा आणि भिंतीवर चिकटवा. शिकवायला बसू नका, नुसतं लिहा.

पिंपरीची_आई

सगळ्यांचे मनापासून आभार. उत्तर द्यायला दहा बारा दिवस लागले कारण सामानाची बांधाबांध चाललीये, पण रोज वाचत होते. बाबांना इंजिनिअर दादांचा रिप्लाय दाखवला, ते म्हणाले हा माणूस खरं बोलतोय, आणि मग बाकीचे सगळे पण वाचले त्यांनी. अजून पूर्ण पटलेलं नाही पण आधी बघून या म्हणाले.

मास्तरांनी सांगितलेलं सुरू केलं. पहिले दोन दिवस ती "काय न्हाई झालं" एवढंच म्हणाली, तर मी तेच लिहिलं आणि लावलं भिंतीवर. ते बघून ती खुदकन हसली. तिसऱ्या दिवशी म्हणाली, लिही, "आजीची भाकरी फुगली. टम्म. वाफंनं आजीचं बोट भाजलं." मी वाफंनं असंच लिहिलं. सासूबाईंना वाचता येत नाही, कधी शाळेत गेल्याच नाहीत. त्या भिंतीपाशी येऊन म्हणाल्या, "ह्यात मी कुठंय गं?" तर मुलगी स्टुलावर चढली आणि आधी एका जागी बोट ठेवलं, मग खालच्या ओळीत दुसऱ्या जागी. "ही तू. आन् ही पन तूच." दोन्ही ठिकाणी बरोबर. मी काहीही शिकवलेलं नाही, शपथेवर सांगते.

काल रात्री भिंतीवर नऊ कागद झाले. घर सोडताना काढून घेऊन येणार आहे, ते ट्रकमध्ये नाही टाकणार, माझ्या पर्समध्ये.

शनिवारी सकाळी सहाच्या एसटीने फलटणला शाळा बघायला निघतोय. मिस्टरांना सुट्टी नाही, त्यामुळे मी आणि मुलगी दोघीच जाणार होतो. पण आज जेवताना मुलगीच सासूबाईंना म्हणाली, "आजी तू बी चल की." तर तिघी चाललोय.