जुन्या संगणकाचा वेग वाढवण्यासाठी कोणते सॉफ्टवेअर वापरावे?

पंचवटीकर:
नमस्कार. पंचवटीत आमचा लग्नपत्रिका आणि हँडबिले छापण्याचा छोटा छापखाना आहे. मजकूर जुळवणीचा संगणक कोअर टू ड्युओ प्रोसेसरचा असून त्यात २ जीबी रॅम, १६० जीबी हार्ड डिस्क आणि विंडोज ७ ची ३२ बिट आवृत्ती आहे. आजवरचे सगळे मॅटर जुन्या मराठी फॉन्टमध्ये आहे आणि ते उघडणारे सॉफ्टवेअर डाँगलशिवाय (संगणकाला जोडाव्या लागणाऱ्या परवान्याच्या छोट्या उपकरणाशिवाय) चालत नाही, त्यामुळे संगणक बदलणे तूर्त शक्य नाही. लग्नसराईत मात्र एक पत्रिका उघडेपर्यंत गिऱ्हाईक समोर ताटकळत बसते. कपाटात नॉर्टन युटिलिटीज आणि ट्यूनअप युटिलिटीजच्या जुन्या सीडी आहेत. त्यांपैकी एखादी वापरावी की सीक्लीनर उतरवून घ्यावे, याबद्दल जाणकारांनी सल्ला द्यावा.

सातपूरकर:
यांपैकी काहीही टाकू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. ही सॉफ्टवेअर एके काळी खरोखर उपयोगाची होती. विंडोज ९५ आणि ९८ च्या काळात डिस्क लहान होत्या, फाइलींचे तुकडे डिस्कभर विखुरत आणि डीफ्रॅग केल्यावर, म्हणजे ते तुकडे पुन्हा सलग लावल्यावर, फरक डोळ्यांना दिसे. विंडोज ७ मध्ये हे काम ठरलेल्या वेळी आपोआप होते. रॅम मोकळी करून देणारी साधने तर उलटेच करतात: रॅममधली माहिती ती पेज फाइलमध्ये, म्हणजे त्याच संथ डिस्कवर ढकलतात आणि पुढच्याच क्लिकला ती परत आणावी लागते.

रजिस्ट्री, म्हणजे विंडोज आणि सॉफ्टवेअरच्या सेटिंग्जची नोंदवही, साफ करणाऱ्या रजिस्ट्री क्लीनरपासून मात्र आपण कटाक्षाने दूर राहावे. हजारभर निरुपयोगी नोंदी पुसल्याने वेग जाणवण्याइतका वाढत नाही, पण डाँगलच्या ड्रायव्हरची एखादी नोंद चुकून गेली, तर सॉफ्टवेअर उघडणारच नाही आणि सगळे जुने काम अडकून पडेल. सीक्लीनर तात्पुरत्या फाइली पुसण्यापुरते ठीक आहे, परंतु ते काम विंडोजमधले डिस्क क्लीनअपही करते. शिवाय २०१७ मध्ये सीक्लीनरच्या ५.३३ या आवृत्तीत घातक कोड घुसवला गेला होता आणि बाधित झाली होती ती ३२ बिट आवृत्तीच, म्हणून कुठल्या तरी संकेतस्थळावरची जुनी प्रत आणू नये.

आपली खरी अडचण डिस्क आणि रॅम ही आहे. ७२०० आरपीएमच्या डिस्कला हवी ती जागा माहिती वाचणाऱ्या डोक्याखाली (हेडखाली) येण्यासाठी फिरण्यातच सरासरी ४ मिलिसेकंदांहून जास्त वेळ लागतो, त्यात डोके सरकण्याचा वेळ वेगळा. एसएसडीमध्ये, म्हणजे चिपवर माहिती साठवणाऱ्या डिस्कमध्ये, फिरणारा भागच नसतो. साधी २.५ इंची साटा (हार्ड डिस्कच्याच जोडणीची) एसएसडी घ्यावी आणि मदरबोर्ड स्वीकारत असेल तर रॅम ४ जीबी करावी. ३२ बिट विंडोज त्यातली सगळी वापरू शकत नाही, तरीही सध्याच्या २ जीबीपेक्षा फरक चांगला पडेल. नाशिकच्या एम. जी. रोडवर डीडीआर२ (त्या काळातल्या प्रकारची) रॅम जुनी का होईना, चौकशी केल्यास मिळू शकेल.

पंचवटीकर:
मनःपूर्वक आभार. एवढ्या जुन्या बोर्डावर एसएसडीचा पूर्ण वेग मिळेल का? आणि विंडोज नव्याने टाकावी लागेल का?

सातपूरकर:
पूर्ण वेग मिळणार नाही, कारण त्या काळातले साटा पोर्ट बहुधा सेकंदाला ३०० एमबीपर्यंतच जातात. पण पत्रिका उघडताना असंख्य लहान फाइली वाचल्या जातात आणि तिथे ही मर्यादा फारशी आड येत नाही. विंडोज नव्याने टाकू नये, जुन्या डिस्कचे क्लोन (एसएसडीवर जशीच्या तशी प्रत) करावे. त्यानंतर डीफ्रॅगचे वेळापत्रक स्वतः तपासून एसएसडीसाठी बंद करावे, कारण क्लोन केलेल्या विंडोज ७ मध्ये ते चालूच राहण्याची शक्यता असते.

गंगापूर रोड:
क्लोन करण्याआधी क्रिस्टलडिस्कइन्फो या सॉफ्टवेअरने जुन्या डिस्कची प्रकृती पाहावी. रिअलोकेटेड किंवा पेंडिंग सेक्टर (डिस्कचे खराब झालेले किंवा संशयास्पद भाग) दिसले, तर आधी सर्व मॅटरची प्रत बाहेरच्या डिस्कवर घ्यावी आणि मगच पुढे जावे. तसेच विंडोज ७ चे सुरक्षा अपडेट १४ जानेवारी २०२० पासून थांबले आहेत, त्यामुळे या संगणकाची इंटरनेटची वायर काढून ठेवावी आणि गिऱ्हाइकाचा पेनड्राइव्ह आधी दुसऱ्या संगणकावर तपासून घ्यावा. विंडोजमधल्या एमएसकॉन्फिगमध्ये स्टार्टअपची (संगणक सुरू होताच चालणाऱ्या सॉफ्टवेअरची) यादी पाहताना डाँगलशी संबंधित नोंद तेवढी तशीच राहू द्यावी.