‘अंकुश’चा शेवट
‘अंकुश’ (१९८६) हा हिंदी सिनेमा नुसता सूडपट आहे, असं काही जण म्हणतात; मला ते पटत नाही. बलात्कारी कोर्टातून सुटतात, मग चौघं बेकार पोरं त्यांना ठार करतात, इथवर ठीक. पण दिग्दर्शक एन. चंद्रांनी त्या चौघांना हिरो करून मोकळं सोडलेलं नाही. शेवटी चौघंही फासावर जातात. मला तो शेवट अजूनही सहन होत नाही.

भुसावळला रेल्वेभरतीची वाट बघत दिवसभर टपरीवर बसणारी पोरं मी जवळून पाहिलीत, त्यामुळे नाना पाटेकरचा रवी परका वाटलाच नाही. आणि या सिनेमातली ‘इतनी शक्ति हमें देना दाता’ ही प्रार्थना! आमच्या शाळेत रोज सकाळी म्हणायचो. सिनेमा पुढे कितीतरी वर्षांनी पाहिला, तेव्हा त्या प्रार्थनेमागचं दुःख कळलं आणि अक्षरशः रडलो.