नारा ड्रीमलँडला उतरती कळा कधी लागली?

ओसाकात २००१ साली युनिव्हर्सल स्टुडिओजचे मनोरंजन उद्यान आल्यामुळे जपानमधील नारा शहरातले नारा ड्रीमलँड हे जुने मनोरंजन उद्यान बुडाले, असे म्हटले जाते. ते अंशतः खरे असले, तरी घसरणीचे मूळ बरेच जुने आहे, असे मला वाटते. कॅलिफोर्नियातील डिस्नेलँडने भारावलेल्या कुनिझो मात्सुओ या उद्योजकाने १९६१ साली हे उद्यान उभारले, तेव्हा प्रवेशद्वारापाशी रेल्वे स्थानक, पुढे दुतर्फा दुकानांचा रस्ता आणि त्याच्या टोकाला परीकथेतला किल्ला, असा आराखडा जवळजवळ जसाच्या तसा उचलला. परदेशवारी दुर्मीळ असलेल्या त्या काळात एवढे पुरेसे होते. मात्र १९८३ साली तोक्योजवळ अस्सल डिस्नेलँड सुरू झाले आणि नक्कल पाहायला नाराला जाण्याचे कारणच उरले नाही. १९९८ साली बांधलेला ‘आस्का’ हा लाकडी रोलरकोस्टर खरोखर देखणा होता, पण एका नव्या आकर्षणाच्या बळावर जुने झालेले अख्खे उद्यान तगणे अवघडच होते. ऑगस्ट २००६ मध्ये दारे बंद झाली. पुढे दहा वर्षे सारे बेवारस पडून राहिले आणि २०१६-१७ च्या पाडकामात जेमतेम आठ वर्षे धावलेला आस्काही गेला, याची मला किल्ल्यापेक्षाही अधिक हळहळ वाटते.